मायनं काय म्हटलं

मारेगाव,
११ जून २०२४

शोभाताईंना बेबीचा नमस्कार.

अकरा वर्षांनी पत्र पाहून तुमाले नवल वाटन. यायले, म्हणजे तुमच्या भावाले, सांगितलं नाई, मीच लिहून राह्यली. फोन केला असता, पण आमचा रजत म्हणाला का आत्याले आता काहीच ऐकू येत नाई, कागदावर लिहून द्या लागते.

तुमच्या भावाले मार्च महिन्यात लकवा झाला. वावरातून आले, पाणी मांगतलं, अन् लोटा हाती घेता घेता खाली पडले. यवतमाळले तेवीस दिवस भरती होते. आता घरी आहेत. हात नाई, पाय नाई, मान नाई, वाचा नाई. नाकातून नळी आहे, तिच्यातून पातळ जेवण देतो. फक्त डोये वर-खाली होतात अन् पापण्या मिटतात.

सगळे म्हणतात, यायले काही समजत नाई. रजत पुण्याहून येते, दोन दिवस बसते, तोही तेच म्हणते. मले तसं वाटत नाई. परवा शेजारचा सुनील खाटेजवळ बसून सांगत होता का नाल्याकडच्या तुकड्यात यंदा सोयाबीन पेरतो. यायची नजर वर गेली ते खालीच येईना. मी म्हटलं, "सोयाबीन नोको काय?" पापण्या मिटल्या. "पराटी, कापूस लावाचा?" पुन्हा मिटल्या. सुनील म्हणे, "काकू, ते नस उडते." नस उडाली तर बरोबर जागीच कायले उडन? त्या तुकड्यात पाणी साचते, सोयाबीन सडते. हे सुनीलले माहित नाई, यायले आहे.

तुम्ही बत्तीस वर्षं पहिलीचा वर्ग घेतला. मुकाट बसणाऱ्या पोराईले बोलतं केलं. मी सातवी शिकली. काय करू ते लिहा.

बेबी


ढाणकी,
१८ जून २०२४

चि. सौ. बेबीस आशीर्वाद.

पत्र वाचलं. मला काय वाटलं ते लिहीत बसत नाही, कामाचं लिहिते.

पापण्या मिटल्या म्हणजे हो, नजर वर गेली म्हणजे नाही. हे मारोतीला सांगून पक्कं कर आणि घरी येणाऱ्या प्रत्येकाला सांग. एका वेळी एकच प्रश्न विचार. "चहा पाहिजे की पाणी" असं विचारलंस तर तो काय मिटणार? विचारून झालं की मनात दहा मोज. माणसं पहिलीच्या पोराला तीन मोजेपर्यंतही थांबत नाहीत आणि पोर मंद आहे म्हणून सांगतात.

आधी तपासून घे. ज्यांची उत्तरं तुला माहीत आहेत असे दहा प्रश्न विचार, मधे मधे चुकीचे घाल. आपलं गाव आर्णी आहे का, असं. दहापैकी नऊ बरोबर आले तर नस उडत नाही.

सोबत पुठ्ठ्यावर तक्ता पाठवते. आठ ओळी आहेत. पहिली अ-आ ची, मग क, च, ट, त, प, य आणि श ची. तू "पहिली? दुसरी? तिसरी?" असं म्हणत जा. पाहिजे त्या ओळीला तो डोळे मिटेल. मग त्या ओळीतलं एकेक अक्षर वाच, पुन्हा मिटेल. ते अक्षर कागदावर लिही. काना-मात्रा विचारू नकोस, तो दमेल. नुसत्या अक्षरांवरून शब्द तू ओळखायचा आणि बरोबर का म्हणून विचारायचं. ही ओळख त्याला लहानपणापासून तोंडपाठ आहे, त्यामुळे तक्ता दिसला नाही तरी चालेल.

तक्ता मी केला हे त्याला सांगायची गरज नाही. आईच्या वेळचं मी काढत नाही, तूही काढू नकोस.

शोभा


मारेगाव,
६ जुलै २०२४

शोभाताईंना नमस्कार.

दहापैकी दहा बरोबर आले. तुमचं नाव निकिता आहे काय म्हणून विचारलं तर नजर वर, अन् डोळ्यातून पाणी. दुःखाचं नव्हतं, हसून राह्यले होते.

सुरवातीले एका शब्दाचा घोळ झाला तो सांगतो. सकाळी यायनं दोन अक्षरं दिली, म अन् श. मी म्हटलं, "मिशी?" अन् उत्तराची वाट न पाहता मले वाटलं, मिशी वाढली, टोचत असन. न्हाव्याले बोलावलं. तो वस्तरा चालवत होता अन् हे वर पाहून राह्यले, वर पाहून राह्यले. मी म्हटलं, नवीन वाटते म्हणून. सगळी मिशी गेली. चाळीस वर्षांची मिशी, शोभाताई. मग पाहतो तर काय, नाकाच्या शेंड्यावर माशी. माशी म्हणत होते. तेव्हापासून मी दहा नाई, वीस मोजतो.

आता रोज सकाळी अन् चार वाजता बसतो. एक शब्द कधी पाच मिनिटं, कधी पंधरा. "पाठ" म्हणाले, पाहतो तर पाठीखाली चादरीची घडी. "पंखा कमी" म्हणाले. "सुनीलले रागावू नोको" म्हणाले.

तक्ता तुम्ही केला हे मी सांगितलं. त्यायनं तुमच्यासाठी एकच शब्द दिला, क्षमा. तुमाले बरं वाटन म्हणून लिहितो.

दुसरी एक गोठ आहे. रजत म्हणते का पुण्याले अशा पेशंटसाठी एक केंद्र आहे, बाबाले तिथं ठेवू. नळी बदलायला, कूस बदलायला नर्स असते. इथं नळीतून छातीत गेलं तर यवतमाळ गाठेपर्यंत काय होईन, म्हणते. मी फोनवर तक्त्याचं सांगितलं तर म्हणाला, "आई, उत्तर तूच देऊन राह्यली. तुले पाहिजे ते तू ऐकते." पंधरा ऑगस्टच्या सुट्टीत येणार आहे.

बेबी


ढाणकी,
१५ जुलै २०२४

चि. सौ. बेबीस,

मिशी परत येईल.

तू लिहिलेला शब्द खोटा आहे. तक्त्यात क्ष नाही. ओळ लांबते म्हणून मी ङ, ञ, ष, ळ, क्ष आणि ज्ञ स्वतः गाळले आहेत. मारोती क्षमा म्हणू शकत नाही. क आणि श देऊन म्हणाला असता तर तू तसं लिहिलं असतंस. तुझा हेतू चांगला असेल. पण ज्याला बोलता येत नाही त्याच्या तोंडी आपण शब्द घातला, की त्याचं उरलेलं बोलणंही जातं. रजतचा संशय हाच आहे. त्याला तो खरा ठरवायला कारण देऊ नकोस.

रजत आला की त्याला सांग, तुला माहीत नाही असं काहीतरी त्याने बापाला विचारावं. फक्त त्या दोघांना ठाऊक असलेलं. तू तक्ता वाच, अक्षरं रजतला लिहू दे.

मारोती माझ्याबद्दल खरं काय म्हणाला ते जसंच्या तसं कळव. शिवी असली तरी.

शोभा


मारेगाव,
२६ जुलै २०२४

शोभाताई,

चुकलं माझं. आता जसंच्या तसं लिहितो.

मी काही सांगायच्या आधीच यायनं ओळखलं होतं. पुठ्ठा डोळ्यासमोर धरला अन् पहिल्याच दिवशी अक्षरं दिली, श, भ. तुमच्या अक्षराचं वळण लहानपणापासून पाह्यलेलं. मी हो म्हटलं. त्यायनं डोये मिटले ते दिवसभर उघडले नाई. मले वाटलं, तक्ता आता गेला.

दुसऱ्या दिवशी स्वतःहून वर-खाली पाह्यलं, तक्ता आण म्हणून. अन् हे दिलं :

म य न क य म ह ट ल

मायनं काय म्हटलं. मी तीनदा विचारलं, हेच काय? तीनदा मिटले. "शोभाताईले विचारू?" मिटले.

तुमाले सांगाची गरज नाई, पण कागदावर एकदा येऊ द्या. अकरा वर्षांपूर्वी मायले नागपूरच्या दवाखान्यात नेलं ते तुम्ही. हे म्हणत होते, ऐंशी वर्षाची बाई, घरी राहू द्या. तुम्ही ऐकलं नाई. चार दिवस तिच्याजवळ आत तुम्ही होत्या. माय तिथंच गेली. यायनं तुमाले तेव्हा हेच विचारलं होतं, अन् तुम्ही म्हणाल्या, काही नाई म्हणाली, शांत होती. यायचा विश्वास बसला नाई. तेरवीनंतर तुमचं नाव घरात निघालं नाई.

हे मले तुमाले लिहवलं नाई म्हणून मी तो शब्द लिहिला. रोज चार वाजता ते विचारतात, पत्र आलं काय. मी नाई म्हणतो.

बेबी


ढाणकी,
७ ऑगस्ट २०२४

चि. सौ. बेबीस,

उशीर झाला. दोन पत्रं लिहून फाडली. हे मारोतीला वाचून दाखव. एकही शब्द बदलू नकोस, गाळू नकोस. मधेच त्याने नजर वर नेली तर थांब, आणि पुढे वाचू का म्हणून विचार.

मारोती,

आईच्या घशात नळी होती. तिला बोलता येत नव्हतं. पण ती शुद्धीवर होती. पहिल्या दिवशी तिने माझं मनगट धरलं आणि दाराकडे पाहिलं. मी म्हटलं, मारोतीला बोलावू का? तिने डोकं हलवलं, नाही. पाणी? नाही. मग तिने माझा पदर ओढला, पुन्हा दाराकडे पाहिलं. मला कळलं. तिला घरी जायचं होतं.

मी म्हटलं, दोन दिवसांत जाऊ. दुसऱ्या दिवशी तिने तेच केलं. तिसऱ्या दिवशी तिने नळीला हात घातला. नर्सने विचारलं, काय म्हणतात आजी? मी म्हटलं, काही नाही, तापात आहेत. मग तिचे हात पलंगाला बांधले. बांधायच्या कागदावर सही माझी आहे. चौथ्या दिवशी सकाळी ती गेली.

ती बरी होईल असं मला वाटत होतं. डॉक्टरांनी नक्की काही सांगितलं नव्हतं. मी वाचवते आहे असं मला वाटलं, हे खरं आहे. ती काय म्हणते ते मला समजत होतं, हेही खरं आहे. ज्या पोरांना शब्द फुटत नाहीत त्यांचं ओळखायची मला सवय होती. तिचं मी ओळखलं आणि ओळखलं नाही असं दाखवलं. तुला खोटं सांगितलं, कारण तू आधीपासून बरोबर होतास.

तू विचारलंस ते एवढंच आहे.

शोभा


मारेगाव,
२४ ऑगस्ट २०२४

शोभाताईंना नमस्कार.

पत्र बारा तारखेला आलं. त्याच दिवशी चार वाजता वाचलं. यायनं एकदाही वर पाह्यलं नाई. झाल्यावर मी विचारलं, पुन्हा वाचू? मिटले. दुसऱ्यांदा वाचलं. मग मी म्हटलं, काही लिहाचं? नजर वर. मी तुळशीपाशी जाऊन बसली. तुमच्याबद्दल मले काय वाटलं ते विचारू नका. राग आला. मग स्वयंपाकाची वेळ झाली.

रजत चौदाले आला. तुम्ही सांगितलं तसंच केलं. मी तक्ता वाचला, अक्षरं त्यानं लिहिली. त्यानं विचारलं, "बाबा, मी सातवीत असताना आपण दोघं यवतमाळले सायकल घ्याले गेलतो. रस्त्यात काय हरवलं, जे आईले सांगाचं नाई म्हणून तुम्ही मले शपथ घातली?"

घ, ड, य, ल.

माझ्या बापानं लग्नात दिलेलं घड्याळ. मले वीस वर्षं सांगत आले का बाजारात चोरी गेलं. यायनं रसवंतीवर हात धुताना काढून ठेवलं अन् विसरले. मी बघतच राह्यली. रजत मात्र कागद हाती घेऊन खाटेजवळ खाली बसला अन् लहान पोरासारखा रडला. पाच महिने तो बापासमोर बसून बापाबद्दलच बोलत होता, हे आईचे किती हाल, हे अजून किती दिवस. सगळं यायनं ऐकलं होतं.

पण पुण्याचं त्यानं सोडलं नाई. उलट म्हणते, "बाबाले सगळं समजते म्हणूनच चांगल्या ठिकाणी ठेवाचं. आई, तू साठीची. रात्री दोनदा कूस बदलवते, किती दिवस करशीन?" ते खोटं नाई. माझी कंबर गेली आहे. यायले विचारलं का, म्हटलं, तर म्हणे बाबा तुझ्या तोंडाकडे पाहून उत्तर देतील. मले आधी ते केंद्र पाह्याले बोलावून राह्यला.

आता खालचं यायचं आहे. चार दिवस लागले. काना-मात्रा माझ्या, शब्द यायचे.

"शोभा. रजत नेतो म्हणते. मले काय पाह्यजे ते तू विचार. तू लिही. तुह्यं तो ऐकन."

माफीचं काही म्हटलं नाई. मी विचारलं, आणखी काही घालू? नजर वर गेली.

बेबी


ढाणकी,
२९ ऑगस्ट २०२४

चि. सौ. बेबीस,

पोळा झाला की निघते. चार तारखेला सकाळच्या एसटीने, यवतमाळला गाडी बदलून संध्याकाळपर्यंत पोचेन. सुनीलला फाट्यावर उभं राहायला सांग. हाक मारू नये, मला ऐकू येणार नाही, हात दाखवावा.

नळी आणि कूस मला दोन दिवसांत शिकव. मग तू पुण्याला जा आणि ते केंद्र नीट पाहून ये. न पाहता नाही म्हणायचं नाही. विचारायचं तर सगळं विचारायचं.

शोभा


मारेगाव,
१२ सप्टेंबर २०२४

चि. रजत आणि चि. सौ. बेबीस आशीर्वाद.

इकडे ठीक. रात्री सुनीलची आई सोबतीला येते, नळीचा आवाज आला तर ती मला हलवते.

रजत, हे तुझ्यासाठी. मी तुझी समजूत घालत नाही. मी मारोतीसाठी सात प्रश्न केले. तीन वेगवेगळ्या दिवशी विचारले, दर वेळी क्रम बदलला. चौथ्या दिवशी उलट करून विचारले, म्हणजे ज्याचं उत्तर हो होतं त्याचं नाही यावं. विचारताना मी त्याच्या मागे उभी राहिले, माझं तोंड त्याला दिसत नव्हतं. समोर बसून सुनीलने उत्तरं टिपली. त्याची वही सोबत आहे.

पुण्याच्या केंद्रात नर्स असतात, इथे नाहीत, हे तुला माहीत आहे का? हो. इथे राहिल्याने आयुष्य कमी होऊ शकतं, हे माहीत आहे का? हो. तरी इथे राहायचं आहे का? हो. बेबीला त्रास होतो हे माहीत आहे का? हो. तिच्या मदतीला पगारी बाई ठेवली तर चालेल का? हो. छातीत गेलं, ताप आला, तर यवतमाळला न्यायचं का? हो. श्वासासाठी घशात नळी घालायची वेळ आली तर घालायची का?

शेवटच्याला तिन्ही दिवस नाही. उलट विचारलं तेव्हा हो.

काही वेगळं निघालं असतं तर तेही मी असंच लिहिलं असतं.

शोभा


पुणे,
१८ सप्टेंबर २०२४

शोभाताईंना नमस्कार.

स्पीडपोस्टनं धाडतो. फोनवर सुनीलले सांगितलं असतं, पण एक गोठ त्याच्यातर्फे विचाराची नाई.

केंद्र पाह्यलं. वाईट नाई. फरशी चकचकीत, दर दोन तासानं कूस बदलतात, वास येत नाई. वीस खाटा आहेत. एका खाटेवर यायच्याच वयाचा माणूस, तसाच पडलेला. त्याच्या पापण्या मिटत होत्या. मी सिस्टरले म्हटलं, यायले हो-नाई विचारता काय? ती भली पोरगी होती, म्हणाली, "मावशी, वीस पेशंट अन् आम्ही तिघी. तेवढा वेळ कुठून आणू?" मी तक्ता उतरवून आणलेला माझा पुठ्ठा दाखवला. तिनं फोटो काढून घेतला. रजत बाजूलेच उभा होता, त्या माणसाकडे पाहून राह्यला. बाहेर आल्यावर पायरीवर बसला.

घरी येऊन तुमचं पत्र त्यानं वाचलं, वही वाचली. रात्री जेवताना म्हणाला, "ठीक आहे. नाई नेत." शेवटच्या प्रश्नाचं पान त्यानं बाजूले काढून ठेवलं. म्हणाला, ते मले अजून जमत नाई, येऊन बाबाले मीच एकदा विचारतो. विचारू द्या त्याले. खाली-वर होणारी खाट त्यानं सांगितली आहे. बाईसाठी मी गावातल्या रुपीबाईले निरोप धाडला. आम्ही अठ्ठावीसले येतो.

आता माझं विचाराचं. तुम्ही पंधरा दिवस यायच्याजवळ आहा. मायबद्दल ते तुमाले काही बोलले काय? नसतील बोलले तर तसं लिहा. अंदाज लिहू नका.

बेबी


मारेगाव,
२१ सप्टेंबर २०२४

चि. सौ. बेबीस,

बोलला.

पहिले पंधरा दिवस नाही. मी विचारलं नाही. आम्ही दुसरंच बोलत होतो. पराटीला बोंडं किती धरली, सुनीलने फवारा वेळेवर मारला का, लहानपणी शाळेत सोडायला गेले की त्याला मी कोणत्या बाकावर बसवत असे. मला गेली चार वर्षं कोणाशी इतकं बोलता आलेलं नाही. लोक ओठ हलवतात, मी मान हलवते, अर्धं समजतं. याचं मला प्रत्येक अक्षर समजतं. त्याला बोलता येत नाही आणि मला ऐकू येत नाही, हे दुपारभर आमच्या लक्षातही राहत नाही.

काल चार वाजता तक्ता घेतला. त्याने अक्षरं दिली : म, प, न. मला वाटलं मापन, माप, काहीतरी औषधाचं. नजर वर. मी पुढे चालले. अ ची ओळ, आ. मग त. पुन्हा आ. मग ल. तो दमला होता, घाम आला होता. मी म्हटलं, उद्या करू. नजर वर. मग न, आणि शेवटी पहिल्या ओळीतलं ई.

एका ओळीत लिहून पाहिलं.

मी पन आत आलो नाई.

मी वाचून दाखवलं. त्याने डोळे मिटले.

नागपूरला तो चारही दिवस बाहेरच्या बाकावर होता. इतरांना भेटायची वेळ रोज पाच ते सहा होती. मी त्याला आत बोलावलं नाही, आणि तो स्वतःहून उठला नाही. अकरा वर्षांत मला हे कधी सुचलं नव्हतं. त्याला सुचलं होतं.

 त्याची कूस बदलली, नळी पाहिली आणि बाहेर उजेड होता तोवर तिथेच बसून राहिले.

शोभा